गिरगाव रस्ता किती जुना? आधी घरातलं कपाट उघडा

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे पुढचं बोलणं नीट लागेल. ठाकूरद्वारजवळ, जगन्नाथ शंकरशेट मार्गाला लागून तुमची चाळ आहे. पुनर्विकासाचं ठरलंय. खोल्या रिकाम्या करण्याआधी रहिवाशांना एक स्मरणिका काढायची आहे आणि तिच्यात रस्त्याचा आणि चाळीचा इतिहास द्यायचा आहे. आजोबांच्या पिढीकडून तुम्ही तीन गोष्टी ऐकत आलात. रस्ता पोर्तुगीजांच्या वेळचा आहे, चाळ दीडशे वर्षांची आहे आणि १९११ साली लोकमान्य टिळकांनी चाळीच्या अंगणात भाषण केलं होतं. यातलं खरं किती, आणि तपासायचं कुठे, असं तुम्ही विचारलंय.

जुन्या इमारती पडण्याआधी त्यांची मोजमापं, छायाचित्रं आणि कागद गोळा करून ठेवणं हा माझा व्यवसाय. त्यातलं बरंचसं काम गिरगाव, भुलेश्वर, काळबादेवी याच पट्ट्यात झालेलं आहे. हल्ली अशी विचारणा वरचेवर होते, कारण पुनर्विकासाची पत्रं गल्लोगल्ली फिरताहेत.

'रस्ता किती जुना' या एका प्रश्नात निदान चार वयं लपलेली असतात. लोक जिथून चालत आले त्या वाटेचं एक वय. त्या वाटेला आजची रुंदी आणि रेषा मिळाली, ते दुसरं. पाटीवरच्या नावाचं तिसरं आणि काठावर उभ्या असलेल्या इमारतींचं चौथं. मुंबईत ही चार वयं सहसा जुळत नाहीत. नाना शंकरशेट १८६५ साली गेले, पण रस्त्याला त्यांचं नाव लागलं ते विसाव्या शतकात. त्याआधी तो गिरगाव रोड होता, आणि जुनी माणसं अजून तेच म्हणतात. म्हणजे नावावरून वय काढायला गेलात तर पन्नास-शंभर वर्षं सहज इकडची तिकडे होतील. स्मरणिकेत एकच साल छापायचा मोह होतो, तो टाळा. कोणत्या गोष्टीचं कोणतं साल, ते वेगवेगळं लिहा.

आता मुद्द्याचं. गिरगाव रस्त्याचा इतिहास रस्त्यावर शोधून हाती फार लागत नाही. तो रस्त्याला टेकलेल्या वाड्यांत शोधावा लागतो, कारण इथे जमिनीचे तुकडे आधीचे आहेत आणि रस्ता त्यांच्या कडेकडेने वाट काढत गेलेला आहे.

नकाशावर धोबीतलावापासून ऑपेरा हाउसपर्यंत बोट फिरवून पाहा. चिराबाजार, ठाकूरद्वार, गिरगाव नाका, चर्च असं जाताना रस्ता सरळ जात नाही. हलकी वळणं घेतो, कुठे आवळतो, कुठे सुटतो. दोन्ही बाजूंना बोळांची तोंडं दिसतात: फणसवाडी, कांदेवाडी, आंग्रेवाडी, आंबेवाडी, झावबावाडी, मुगभाट, खोताची वाडी. ही मुळात बागायती होती. नारळी-पोफळी, फणस, आंबे, मधे एखादं घर आणि विहीर, भोवती कुंपण, आणि आत शिरायला वाटेवरून एक तोंड. पुढे झाडं गेली, चाळी आल्या. कुंपणाची रेषा मात्र दोन चाळींमधल्या घळीत राहिली आणि बागेचं तोंड आजच्या कमानीत. म्हणून गिरगावातल्या चाळी रस्त्याला समांतर नसून आत-आत, लांबोड्या पसरलेल्या असतात. रस्त्याकडे दुकानांची अरुंद दर्शनी बाजू आणि मागे अख्खी वस्ती, हा साचा त्या बागांच्या आकारातून आलाय.

याच्या उलट उदाहरण चालत जाण्याच्या अंतरावर आहे. चिराबाजाराच्या दक्षिणेला तुमच्या रस्त्याला छेदून जाणारी प्रिन्सेस स्ट्रीट, म्हणजे आजचा शामळदास गांधी मार्ग. पट्टी लावल्यासारखी सरळ. सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांना प्लेगचे पहिले रोगी सापडले, साथ पसरली, आणि १८९८ मध्ये सरकारने सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन केला. दाट वस्तीत हवा आणि उजेड खेळावा म्हणून घरं पाडून रुंद रस्ते काढायचे, हे त्या ट्रस्टचं धोरण. प्रिन्सेस स्ट्रीट आणि सँडहर्स्ट रोड, आजचा सरदार वल्लभभाई पटेल मार्ग, हे त्यातूनच निघाले. हे रस्ते वाड्यांचा मुलाहिजा न ठेवता आरपार गेले. त्यामुळे त्यांना जन्मसाल देता येतं. गिरगाव रस्ता मात्र कुणी एका दिवशी बांधलेला नाही. तो मळत गेला, मग खडी पडली, मग कडा सरळ झाल्या. याला 'स्थापना अमुक साली' असं लिहिणारा कुणी भेटला तर सावध व्हा.

मग 'पोर्तुगीजांच्या वेळचा' या म्हणण्यात काही तथ्य आहे का? रस्ता म्हणून नाही. गाव म्हणून आणि बागायत म्हणून आहे. १५३४ च्या तहाने मुंबई बेटं पोर्तुगीजांकडे गेली, १६६१ च्या विवाहकरारात इंग्रजांच्या राजाला देण्याचं ठरलं, १६६८ मध्ये राजाने ती ईस्ट इंडिया कंपनीला दिली. या उलथापालथीत बागांचे मालक बिथरले होते: आपली जमीन आपली राहणार की नाही? गव्हर्नर जेराल्ड ऑन्जियरने १६७२ मध्ये त्यांच्याशी करार केला. जमीनदारांनी मिळून कंपनीला वर्षाला वीस हजार झेराफिन (तेव्हाचं पोर्तुगीज नाणं) द्यायचे आणि त्या बदल्यात त्यांची वहिवाट कायम. या रकमेला 'पेन्शन' म्हणत. पुढे तिच्यात कराची भर पडली आणि 'पेन्शन अँड टॅक्स' नावाचा खास मुंबईचा जमीनधारा तयार झाला.

हे सगळं सांगण्याचं कारण असं, की ते तुमच्या चाळीच्या मालमत्ता पत्रकावर आजही छापलेलं असू शकतं. ज्याला आपण प्रॉपर्टी कार्ड म्हणतो, त्यात 'धारणाधिकार' असा रकाना असतो. गिरगावातल्या कित्येक भूखंडांच्या त्या रकान्यात 'पेन्शन अँड टॅक्स' लिहिलेलं सापडतं. तुमच्या कार्डावर तसं असेल तर आजोबांच्या म्हणण्याचा गाभा टिकतो. तुमच्या पायाखालचा तुकडा ज्या व्यवस्थेत बसतो तिची मुळं सतराव्या शतकात आहेत. 'फोरास' असेल तर गोष्ट वेगळी. ती बहुधा सखल, भराव घालून लागवडीखाली आणलेल्या जमिनीची असते. 'क्विट अँड ग्राउंड रेंट', म्हणजे सरकारला भरायचा जमीनखंड, किंवा भाडेपट्टा असेल तर आणखी वेगळी. ते कार्ड हातात आल्याशिवाय पोर्तुगीज काळावर एक ओळही लिहू नका, असं मी सांगेन.

कार्ड मिळवायला तुम्हाला सी.एस. नंबर, म्हणजे कॅडस्ट्रल सर्व्हे क्रमांक लागेल. तो विकासकाने दिलेल्या कागदांत पहिल्याच पानावर असतो: 'सी.एस. नं. अमुक, गिरगाव डिव्हिजन' किंवा 'भुलेश्वर डिव्हिजन'. डिव्हिजन नीट बघा. महसुली डिव्हिजन वेगळं आणि महापालिकेचा वॉर्ड वेगळा. तुमचा रस्ता सी आणि डी अशा दोन्ही वॉर्डांतून जातो, त्यामुळे लोक हमखास घोटाळा करतात आणि भलत्याच भूखंडाचा इतिहास लिहून बसतात.

त्याहून मोलाचा कागद म्हणजे जुनं खरेदीखत किंवा विकासकाच्या वकिलाने काढलेला टायटल रिपोर्ट, म्हणजे जमिनीच्या मालकीचा अहवाल. शेवटी परिशिष्टात जमिनीचं वर्णन असतं. भाषा कंटाळवाणी, पण तिथे क्रमांकांची एक माळच असते: कलेक्टरचा जुना नंबर, कलेक्टरचा नवा नंबर, लॉटन सर्व्हे नंबर, कॅडस्ट्रल नंबर, आणि महापालिकेचा वॉर्ड व स्ट्रीट नंबर. मग चतु:सीमा. पूर्वेला अमक्याची वाडी, पश्चिमेला तमक्याचं घर, दक्षिणेला गिरगाव रोड. मला विचाराल तर अख्ख्या स्मरणिकेतलं सगळ्यात वाचनीय पान याच चतु:सीमेतून निघतं. शेजारी कोण होतं, तुमच्या जागेवर चाळ होती की 'कौलारू घर, विहीर व मोकळी जमीन', ते सगळं तिथे असतं. सत्तर वर्षांच्या अंतराची दोन खतं मिळाली तर शेजारी लावून वाचा. पहिल्यात विहीर आणि झाडं, दुसऱ्यात तीन मजली चाळ आणि संडास, एवढा फरक दिसला की चाळ या दोन तारखांच्या मधे कधीतरी उभी राहिली हे नक्की.

या माळेतला लॉटन नंबर बाजूला लिहून ठेवा. कर्नल लॉटनच्या हाताखाली १८६५ ते १८७२ या काळात मुंबईची बारकाईने मोजणी झाली आणि मोठ्या प्रमाणावरचे नकाशे निघाले. कापसाच्या तेजीनंतर लगेचच्या मुंबईचं ते चित्र आहे. अमेरिकेतलं यादवी युद्ध १८६१ मध्ये सुरू झालं, इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या गिरण्यांना अमेरिकन कापूस मिळेना, म्हणून इथल्या कापसासाठी मुंबईत पैसा ओतला गेला, १८६५ मध्ये फुगा फुटला. फोर्टचे तट याच काळात पडले आणि शहर मोकळं सुटलं. लॉटनच्या नकाशावर तुमचा भूखंड सापडला आणि त्यात आजच्या चाळीचा ठसा नसून दोन-तीन सुटी घरं दिसली, तर चाळ त्या मोजणीनंतरची, आणि 'दीडशे वर्षांची चाळ' या दाव्याला नकाशाचा आधार उरला नाही. ठसा जुळला तर मात्र आनंदाने छापा. नकाशाची प्रत पाहायला फोर्टमधलं महाराष्ट्र राज्य पुराभिलेखागार, एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतलं, इथून सुरुवात करा. संशोधक म्हणून परवानगी काढावी लागते. संस्थेच्या लेटरहेडवर, नेमका भूखंड क्रमांक देऊन अर्ज केलात तर काम सोपं होतं. 'गिरगावचा इतिहास बघायचाय' असं मोघम लिहिलंत तर तिथला माणूस तरी काय काढून देणार?

आता चाळीच्या वयाकडे. कागद कमी पडले तर इमारत स्वतः बोलते, फक्त तिचं सगळंच बोलणं एका वयाचं नसतं.

उपकराचं, म्हणजे जुन्या इमारतींच्या दुरुस्तीसाठी घेतात त्या कराचं, बिल बघा. त्यावर 'ए' वर्ग लिहिलेला असेल. त्याचा अर्थ एवढाच, की इमारत १ सप्टेंबर १९४० पूर्वीची आहे. 'बी' म्हणजे त्यानंतर १९५० अखेरपर्यंतची, 'सी' म्हणजे १९५१ ते ३० सप्टेंबर १९६९. 'ए' वर्गात १९३९ ची इमारतही येते आणि १८७० चीही, तेव्हा 'सरकारदरबारी शंभर वर्षं जुनी म्हणून नोंद' असं त्यावरून लिहू नका. पाहिलंय मी असं छापलेलं. आणखी एक: त्याच १ सप्टेंबर १९४० ला जे भाडं होतं ते १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्याने प्रमाण धरलं. तुमच्या आजीच्या भाडेपावतीवरचा आकडा इतका केविलवाणा का, त्याचं उत्तर तिथे आहे. तेवढं एक पान स्मरणिकेत जरूर द्या, नव्या पिढीला ते खरंच माहीत नसतं.

मग टॉर्च घेऊन वर चढा. माळ्यावर मंगलोरी कौलं असतील तर एखादं उलटं करून बघा. मागच्या बाजूला कारखान्याचा छाप असतो. बासेल मिशनने मंगळूरला कौलांचा कारखाना काढला तो १८६५ मध्ये. म्हणजे हे छप्पर त्यानंतरचं. छप्पर बदललेलं असू शकतं, त्यामुळे यावरून छपराचं वय ठरतं, भिंतीचं नाही. जिन्याखाली आणि गॅलरीच्या तळाशी लोखंडी तुळया असतील, तर रंगाचे पापुद्रे हलकेच खरवडा. गर्डरच्या मधल्या पट्टीवर उठावाची अक्षरं दिसतात. 'डॉर्मन लाँग' असेल तर माल इंग्लंडमधल्या मिडल्सब्रोचा. 'टिस्को' किंवा 'टाटा' असेल तर तो १९१२ नंतरचाच, कारण जमशेदपूरला पहिलं पोलाद त्या वर्षी ओतलं गेलं. अक्षरं रंगाखाली बुजलेली असतात. त्यावर पातळ कागद धरून शिसपेन्सिलीने घासलं की ती उमटतात. छायाचित्रापेक्षा हे घासलेलं चित्र छपाईत छान दिसतं, मुलांना करायलाही आवडतं.

पण थांबा. उपकरप्राप्त इमारतींच्या दुरुस्तीसाठी १९६९ च्या कायद्याने मंडळ नेमलं, आणि त्यानंतर अनेक चाळींत सागवानी तुळया काढून त्या जागी पोलादी तुळया बसवल्या गेल्या. त्या दुरुस्तीच्या गर्डरवरून चाळीचं साल काढलंत तर अर्धशतकाची चूक होईल. मूळ गर्डर भिंतीच्या आत पाथरीवर, म्हणजे आधाराच्या दगडावर, टेकलेला असतो आणि त्याच्यावरचा कोबा किंवा फळ्या जुन्या असतात. दुरुस्तीचा गर्डर बहुधा खालून आधार दिल्यासारखा, शेजारी नवा प्लास्टरचा पट्टा. शंका असेल तर पुनर्विकासासाठी आलेल्या स्ट्रक्चरल इंजिनिअरलाच विचारा. तो पाच मिनिटांत सांगेल, आणि त्यालाही हे विचारणारं कुणी भेटलं की बरं वाटतं.

खोल्यांमधल्या फरशीनेही वय कळतं, पण बेताने. नक्षीदार सिमेंटच्या लाद्या दिसल्या की लोक 'इटालियन' म्हणतात. मुंबईच्या भारत टाइल्स कंपनीचं काम १९२२ मध्ये सुरू झालं आणि त्या काळातल्या अनेक घरांत अशाच देशी लाद्या बसल्या. एखाद्या भाडेकरूने हौसेने १९५० मध्ये बसवलेल्याही असतील. म्हणून फरशी हा पुरावा मी नेहमी शेवटी मोजतो.

इमारत रस्त्यापासून किती मागे आहे तेही बघा. तुमच्या ओळीत काही इमारती पुढे आलेल्या आणि काही दोन-चार फूट मागे सरकलेल्या असतील. १८८८ च्या महापालिका कायद्यात रस्त्याची नियमित रेषा ठरवण्याची तरतूद आहे. कुणी इमारत नव्याने बांधायला काढली की त्याने त्या रेषेच्या मागे सरकायचं. म्हणजे रस्ता एकदम रुंद होत नाही, जशी एकेक इमारत बदलते तसा दातेरी पद्धतीने सरकत जातो. पुढे आलेली इमारत बहुधा रेषा ठरण्याआधीची, मागे गेलेली नंतर उभी राहिलेली. हा ठोकताळा आहे, पुरावा नव्हे. पण रविवारी सकाळी, दुकानं उघडायच्या आधी ठाकूरद्वार नाक्यापासून चालत गेलात तर रस्त्याची शंभर वर्षांची ओढाताण डोळ्यांनी दिसते.

मधल्या काळाबद्दल थोडं, म्हणजे स्मरणिकेत पोर्तुगीजांवरून थेट टिळकांवर उडी पडणार नाही. फेब्रुवारी १८०३ मध्ये फोर्टात मोठी आग लागली आणि त्यानंतर वस्ती तटाबाहेर उत्तरेकडे सरकण्याला जोर आला. पाठारे प्रभूंसारखी कुटुंबं हळूहळू गिरगावच्या बाजूला आली. १८६० मध्ये विहारचं पाणी शहरात आलं. मग कोकणातून, घाटावरून नोकरीला आलेली माणसं, त्यांच्यासाठी वाड्यांत चाळी, चाळींसाठी खाणावळी, छापखाने, शाळा, सभागृहं. प्रार्थना समाज १८६७ चा. त्याच्या मंदिराचं नाव चौकाला लागलं. केशवजी नाईकांच्या चाळीत १८९३ मध्ये सार्वजनिक गणपती बसला. गिरगाव नाक्यावरच्या मॅजेस्टिक सिनेमात १४ मार्च १९३१ ला 'आलम आरा' लागला, आणि भारतीय पडद्यावर माणसं बोलू लागली. ते थिएटर पाडून तिथे शॉपिंग सेंटर झालं. शहरातून ट्राम गेली ती ३१ मार्च १९६४ ला. अलीकडे मेट्रो ३ साठी याच रस्त्याकाठच्या काही इमारती उतरवल्या गेल्या आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये गिरगाव स्थानक सुरू झालं. हे सगळं छापील साधनांत सहज मिळतं, म्हणून त्यावर पानं खर्च करू नका. हे लिहिणारे पुष्कळ आहेत, तुमच्या चाळीबद्दल लिहिणारे फक्त तुम्ही आहात.

आता टिळक. गिरगावातल्या निम्म्या चाळींत लोकमान्य येऊन गेलेले असतात, असं मी गमतीने म्हणतो. पण त्यात अशक्य काही नाही. शांतारामाच्या चाळीतल्या सभा प्रसिद्ध आहेत, आणि टिळकांचं या भागात येणं-जाणं होतंच. प्रश्न तुमच्या अंगणाचा आणि तुमच्या सालाचा आहे. १९११ हे साल टिकणार नाही. जून १९०८ मध्ये टिळकांना मुंबईत अटक झाली, जुलैत सहा वर्षांची शिक्षा झाली आणि ते मंडालेहून सुटून आले जून १९१४ मध्ये. मधल्या वर्षांत ते कुणाच्याच अंगणात असणं शक्य नव्हतं. १९१८ च्या शरद ऋतूपासून १९१९ च्या नोव्हेंबरपर्यंत ते इंग्लंडमध्ये होते. उरलेल्या काळात बसत असेल तर शोध पुढे नेता येईल.

तो असा न्यायचा. आधी आजोबांनी नेमकं काय सांगितलं ते त्यांच्याच शब्दांत लिहून काढा. 'भाषण केलं' असं सांगितलं होतं, की 'आले होते', की 'आमच्या वडिलांनी पाहिलं होतं'? पिढ्या उलटताना 'वरून मिरवणूक पाहिली' चं 'भाषण ऐकलं' व्हायला वेळ लागत नाही. मग 'केसरी'चे जुने अंक. आणि दुसरं, लोकांना कमी ठाऊक असलेलं साधन म्हणजे पोलिसांच्या गुप्त अहवालांचे सारांश. टिळकांच्या मागे पोलिसांचा माणूस असायचाच, आणि तो सभा कुठे झाली, किती लोक होते, कोण काय बोललं हे इमानेइतबारे टिपायचा. मुंबई सरकारने १९५० च्या दशकात स्वातंत्र्यचळवळीच्या इतिहासाची साधने म्हणून त्यातला भाग छापला आहे. त्यात जागांची नावं येतात. तुमच्या चाळीचं किंवा मालकाचं नाव सापडलं तर सोन्याहून पिवळं. नाहीच सापडलं, तर 'चाळीत अशी आठवण सांगितली जाते' असं लिहा आणि आठवण सांगणाऱ्याचं नातं द्या. आठवण म्हणून ती तितकीच मोलाची आहे. तिला तारखेचा खोटा टेकू देऊ नका, एवढंच.

ऐकीव माहिती गोळा करताना एक पथ्य मी पाळतो. म्हाताऱ्या माणसाला 'कधी?' असं विचारत नाही. 'तेव्हा तुम्ही कितवीत होतात?', 'ट्राम चालू होती का?', 'गोळीबाराच्या आधी की नंतर?' असं विचारतो. गिरगावात गोळीबार म्हटलं की संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यातला, हे सांगावं लागत नाही. अशा खुणांभोवती आठवणी आपोआप जागेवर बसतात.

आणि हे सगळं सुरू करण्याआधी, शीर्षकात म्हटलंय तसं, कपाटं उघडा. प्रत्येक खोलीत एक पत्र्याची ट्रंक असते. त्यात भाडेपावत्या असतील. पावतीवर मालकाचं किंवा ट्रस्टचं नाव आणि इमारतीचा जुना क्रमांक असतो. लग्नपत्रिका आणि पोस्टकार्डं तर फारच कामाची. पत्त्यात 'गिरगाव रोड' आहे की 'जगन्नाथ शंकरशेट रोड', 'मुंबई २' आहे की 'मुंबई ४', ते बघा. सहा आकडी पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ पासून आला, तेव्हा तारीख फाटलेली असली तरी पाकीट त्याच्या अलीकडचं की पलीकडचं ते कळतं. पोस्टाचा शिक्का वाचता आला तर प्रश्नच मिटला. अशी पाकिटं सालवार लावली की रस्त्याचं नाव लोकांच्या हातून प्रत्यक्ष कधी बदललं ते दिसतं. पाटी बदलल्यावर पुढेही लोक जुनाच पत्ता घालत राहतात. घरातल्या जुन्या मराठी पुस्तकांचं पहिलं पान आणि मलपृष्ठही चाळा. प्रकाशकांचे, छापखान्यांचे, औषधांच्या जाहिरातींचे पत्ते तिथे छापलेले असतात आणि साल शेजारीच असतं. चाळीच्या गणेशोत्सव मंडळाच्या जमाखर्चाच्या वह्या कुणाच्या तरी पोटमाळ्यावर नक्की असतील. वर्गणीच्या यादीत खोलीवार नावं असतात. तिथून तुम्हाला राहणाऱ्यांचा पटच मिळतो.

छापील साधनांत दोन पुरेशी आहेत. गोविंद नारायण माडगावकरांचं १८६३ चं 'मुंबईचे वर्णन' आणि शेपर्डचं रस्त्यांच्या नावांवरचं १९१७ चं इंग्रजी पुस्तक. शेपर्डच्या नावांच्या व्युत्पत्त्या सगळ्याच पटण्यासारख्या नाहीत, पण १९१७ मध्ये कोणतं नाव चालू होतं ते त्यावरून पक्कं कळतं. दोन्ही मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात बघायला मिळतील.

बरंच काही परिस्थितीवर अवलंबून आहे, तेही सांगतो. जागा एखाद्या धर्मादाय ट्रस्टची असेल तर कागद बहुतेक शाबूत असतात, पण दाखवायला विश्वस्त कां-कूं करतात. खाजगी मालकाची असेल आणि तीन-चार वेळा हात बदललेले असतील तर उलट. साखळी तुटलेली असते, पण विकासकाच्या वकिलाने ती आधीच जुळवलेली असते, तेव्हा त्याच्याकडूनच प्रत मागा. रहिवासी म्हणून मागितलीत तर बहुधा देतात. तुमची चाळ वाडीच्या आत असेल तर रस्त्याच्या नोंदींत ती कमी दिसेल, वाडीच्या नावाने जास्त. रस्त्यावरच असेल तर दुकानांच्या जाहिरातींतून भरपूर मिळेल. मधे कधी पुनर्बांधणी झाली असेल तर जमिनीचा आणि इमारतीचा इतिहास दोन वेगळ्या प्रकरणांत ठेवा. आणि महापालिकेच्या करनिर्धारण खात्याचा जो 'इन्स्पेक्शन एक्स्ट्रॅक्ट', म्हणजे पाहणीच्या नोंदींचा उतारा, सध्या सगळे पुनर्विकासातल्या पात्रतेसाठी मागताहेत (भाडेकरू १३ जून १९९६ च्या आधीचा आहे हे दाखवावं लागतं म्हणून), त्याच खेपेला जुन्या वर्षांचे उतारे मिळतात का विचारा. लायनीत उभं राहायचंच आहे.

वेळ कमी असेल तर क्रम असा ठेवा. पहिल्या पंधरवड्यात ट्रंका आणि म्हातारी माणसं, कारण खोल्या रिकाम्या व्हायला लागल्या की कागद रद्दीत जातात आणि माणसं विरार-डोंबिवलीला पांगतात. मग मालमत्ता पत्रक आणि टायटल रिपोर्ट. पुराभिलेखागार त्यानंतर, ते कुठे जात नाही. गर्डर, कौलं आणि मोजमापं मात्र ताबा देण्याआधी उरकायलाच हवीत. गॅलरीची रुंदी, खोलीची लांबी-रुंदी, जिन्याच्या पायऱ्यांची उंची, मोरीची जागा, सामायिक नळ कुठे होता, हे सगळं साध्या टेपने मोजून आलेखाच्या कागदावर काढा. वास्तुशास्त्राच्या एखाद्या विद्यार्थ्याला बोलावलंत तर तो आनंदाने करेल. छायाचित्रं काढताना माणसांशिवायचीही काही काढा. सगळे जण दारात उभं राहून फोटो काढतात आणि नंतर दार कसं होतं तेच दिसत नाही.

स्मरणिका छापून झाली की मूळ कागदांच्या स्कॅन प्रती एका पेनड्राइव्हमध्ये घालून, कोणता कागद कुणाच्या घरचा याची यादी जोडून, ग्रंथसंग्रहालयाकडे एक संच द्या. नव्या सोसायटीच्या कार्यालयात एक ठेवा. टायटल रिपोर्ट हाती आला आणि चतु:सीमेचं इंग्रजी कळेना, तर ते पान पाठवा, मी बघून सांगेन. खाजगी रकमा आणि सह्या आधी झाकून घ्या.